‘फक्त चौकशीला नेतो’ : पोलिसांचा अधिकार कुठे सुरू होतो आणि कुठे थांबतो

रात्री फोन आला की मी आधी घड्याळ बघून वेळ लिहून घेते. ही सवय बाबांची. ते पोलिसांत हवालदार होते, आम्ही पोलीस लाईन टाकळीत वाढलो. घरी आल्यावरही त्यांच्या बोलण्यात वेळा यायच्या: दहा पंचेचाळीसला निघालो, अकरा वीसला पोचलो. स्टेशन डायरी लिहून लिहून ते अंगात मुरलं होतं. मी आता नागपूरच्या जिल्हा न्यायालयात फौजदारी वकिली करते, म्हणजे बऱ्याचदा बाबांच्या समोरच्या बाजूला उभी असते. वेळ मात्र लिहून घेतेच.

गेल्या पावसाळ्यात रात्री नऊ चाळीसला एका काकूंचा फोन आला.

“पोट्ट्याला घेऊन गेले ना मॅडम ठाण्यात. दोघं जण होते, साध्या कपड्यात. कायले नेता म्हटलं, तं सांगे फक्त चौकशीला नेतो, तासाभरात सोडतो. चार तास झाले, फोनबी लागत नाही त्याचा.”

ठाण्याचं नाव सांगत नाही. असं कुठल्याही ठाण्यात घडू शकतं. मला बोलायचं आहे ते त्या तीन शब्दांबद्दल. ‘फक्त चौकशीला नेतो’ हे वाक्य आपण इतक्यांदा ऐकतो की तो कायद्यातलाच एखादा प्रकार असावा असं वाटतं. तसा प्रकार कायद्यात नाही. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्यात पोलिसांनी माणसाला बोलवायची किंवा न्यायची तीन दारं आहेत. तिन्ही दारांवर पाटी आहे, म्हणजे कागद आहे. चौथं दार नाही.

पहिलं दार साक्षीदाराचं. तुम्ही काही पाहिलं असेल, तुम्हाला काही माहिती असेल, तर तपास अधिकारी कलम १७९ खाली लेखी आदेश देऊन तुम्हाला बोलावू शकतो, तेही तुम्ही त्याच्या किंवा लगतच्या ठाण्याच्या हद्दीत राहत असाल तर. पण स्त्री, पंधरा वर्षांखालचा मुलगा, साठीच्या पुढचा पुरुष, दिव्यांग व्यक्ती किंवा गंभीर आजारी माणूस यांना ठाण्यात या म्हणून सांगताच येत नाही. त्यांचा जबाब त्यांच्या राहत्या ठिकाणी जाऊन घ्यायचा. त्यांची स्वतःची ठाण्यात यायची तयारी असेल तर गोष्ट वेगळी. आणि पोलिसांनी लिहून घेतलेल्या जबाबावर साक्षीदाराची सही घ्यायची नसते. सही करा म्हणून कुणी कागद पुढे सरकवला तर थांबून विचारा, हा कागद नेमका कसला.

दुसरं दार नोटिशीचं. तुमच्यावर संशय आहे, पण अटक करायची गरज नाही, तर कलम ३५(३) खाली नोटीस मिळते: अमुक तारखेला, अमुक वेळी हजर राहा. तुम्ही हजर राहत गेलात तर अटक होत नाही. करायचीच झाली तर अधिकाऱ्याला कारण लिहावं लागतं. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यांत सरसकट अटक करू नका, आधी नोटीस द्या, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये अर्नेश कुमारच्या निकालात बजावून सांगितलं. ही नोटीस व्हॉट्सॲपवर पाठवून चालत नाही, हेही न्यायालयाने २०२५ मध्ये स्पष्ट केलं. हातात कागद पडला पाहिजे, कारण या नोटिशीकडे दुर्लक्ष केलं तर पुढे अटक होऊ शकते. माणसाचं स्वातंत्र्य एका न उघडलेल्या मेसेजवर टांगून ठेवता येत नाही.

तिसरं दार अटकेचं, आणि त्यावर सगळ्यात जास्त कागद आहेत.

काकूंचा मुलगा यांपैकी कुठल्याच दारातून आत गेलेला नव्हता. ना आदेश, ना नोटीस, ना अटकेचा पंचनामा. म्हणजे कागदावर तो घरीच होता.

आता दुसरी बाजू सांगते, कारण मी त्या बाजूच्या घरात वाढले आहे. पोलिसांना वॉरंटशिवाय पकडायचा अधिकार असूच नये असं म्हणणारे लोक मला भेटतात, विशेषतः ज्यांच्या घरी कधी चोरी झालेली नाही असे. नागपूरचा नकाशा डोळ्यासमोर आणा. देशाच्या मधोमध वसलेलं शहर. मुंबई, हावडा, दिल्ली, चेन्नई या चारही दिशांच्या गाड्या इथून जातात. मध्य प्रदेशची सीमा गाडीने दीड-दोन तासांवर. सोनसाखळी ओढणारा माणूस सीताबर्डीतून निघून रेल्वे स्टेशनवर पोचायला दहा मिनिटं लागतात. दुकानाच्या कॅमेऱ्यातलं चित्रण काही दिवसांत पुसलं जातं, त्यावर नवं चढतं. रक्ताचा कपडा एका रात्रीत धुतला जातो. अशा वेळी न्यायाधीशाच्या सहीची वाट बघणारा पोलीस फिर्यादीच्या काय कामाचा? म्हणूनच कायद्याने गुन्ह्यांचे दोन भाग केले. खून, दरोडा, बलात्कार, घरफोडी असे दखलपात्र गुन्हे, ज्यांत पोलीस आपणहून तपास सुरू करू शकतात आणि वॉरंटशिवाय पकडू शकतात. आणि किरकोळ शिवीगाळीसारखे अदखलपात्र गुन्हे, ज्यांना ठाण्याच्या भाषेत ‘एनसी’ म्हणतात आणि ज्यांत दंडाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय तपास करता येत नाही.

पोलिसांचे अधिकार आणि नागरिकांचे हक्क यांचं नेहमी तराजूचं चित्र काढतात: एक पारडं वर गेलं की दुसरं खाली. मला ते चित्र पटत नाही. कायदा उघडून सलग वाचला तर वेगळीच रचना दिसते. पोलिसांना जवळजवळ प्रत्येक मोठा अधिकार दिलेला आहे, आधी कुणाला विचारायला न लावता दिलेला आहे. लगेच पुढच्या ओळीत म्हटलं आहे, कारण लिहून ठेवा. आणि त्याच्या पुढच्या ओळीत, ते लिहिलेलं अमक्याला दाखवा. घर झडतीचं उदाहरण घ्या. घाईच्या वेळी पोलीस वॉरंटशिवाय झडती घेऊ शकतात, पण घाई का होती आणि काय सापडायची अपेक्षा आहे हे कलम १८५ प्रमाणे आधी लिहायचं, झडतीचं चित्रण करायचं आणि त्या नोंदींची प्रत ४८ तासांच्या आत दंडाधिकाऱ्याकडे पाठवायची. अधिकार, कारण, आणि ते कारण तपासणारा तिसरा माणूस. ही साखळी शाबूत असेल तर पोलिसांना भरपूर अधिकार असूनही तुम्हाला रात्री शांत झोप लागते. तिची मधली कडी, म्हणजे लिहिलेलं कारण, निखळली की सगळा डोलारा पडतो.

अटकेत हीच साखळी सगळ्यात घट्ट विणलेली आहे. अटक करणाऱ्याच्या छातीवर नाव वाचता येईल अशी पट्टी हवी. अटकेचा लेखी मेमो हवा, त्यावर घरच्या माणसाची किंवा मोहल्ल्यातल्या प्रतिष्ठित व्यक्तीची साक्षीदार म्हणून सही, आणि अटक झालेल्याची स्वतःची सही. नातेवाइकाला किंवा मित्राला लगेच कळवायचं. वैद्यकीय तपासणी करायची; नागपुरात त्यासाठी मेयो किंवा मेडिकल या सरकारी रुग्णालयांत नेतात आणि डॉक्टरने तिथे लिहिलेल्या चार ओळी पुढे मारहाणीच्या तक्रारीत सगळ्यात मोठा पुरावा ठरतात. चौकशीच्या दरम्यान वकिलाला भेटता येतं, पूर्ण वेळ नाही तरी भेटता येतं. सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी स्त्रीला अटक करायची नाही. अगदीच अपवाद असेल तर महिला अधिकाऱ्याने लेखी अहवाल देऊन दंडाधिकाऱ्याची आधी परवानगी घ्यायची. यातल्या बऱ्याच गोष्टी आधी सर्वोच्च न्यायालयाने डी. के. बसू प्रकरणात घालून दिल्या, १९९६ च्या डिसेंबरात. कोठडीतल्या मृत्यूंबद्दलच्या एका पत्रातून ते प्रकरण उभं राहिलं होतं. नंतर त्या कायद्यात आल्या.

आणि अटकेचं कारण. ते तोंडी पुटपुटून भागत नाही. ते लेखी द्यायचं, आणि अटक झालेल्याला समजेल अशा भाषेत द्यायचं, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सांगितलं. त्या क्षणी देणं शक्य नसेल तर तोंडी सांगा, पण कोर्टात रिमांडसाठी, म्हणजे कोठडी मागायला, उभं करायच्या किमान दोन तास आधी तरी लेखी कारण त्याच्या हातात पडलं पाहिजे. दोन तास अशासाठी, की वकिलाला ते वाचून काही बोलता यावं. भाषेचा मुद्दा आपल्याकडे मोलाचा आहे. मराठी, हिंदी, गोंडी बोलणारी माणसं एकाच बाकावर बसलेली मी रोज बघते. कागद मराठीत आणि माणूस फक्त गोंडी समजणारा, तर तो कागद दिला काय आणि न दिला काय.

मग चोवीस तास. अटक झालेल्या माणसाला चोवीस तासांच्या आत जवळच्या दंडाधिकाऱ्यासमोर हजर करायचं, प्रवासाचा वेळ वगळून. सीताबर्डीहून न्यायमंदिराची इमारत जवळच आहे, तिथे प्रवासाचं कारण चालत नाही; भामरागडहून पावसाळ्यात निघणाऱ्या गाडीची गोष्ट निराळी. रविवार असो की दिवाळी, एखादं कोर्ट रिमांडसाठी बसलेलंच असतं.

हे चोवीस तास कधीपासून मोजायचे, इथे खरी मेख आहे. काकूंचा मुलगा साडेपाचला नेला. समजा रात्री बाराला त्याची अटक ‘दाखवली’ असती. ‘अटक दाखवली’ हा शब्दप्रयोगच बघा. पत्रकार, वकील, पोलीस सगळे तो सहज वापरतात, मीही वापरते. पण त्या शब्दातच कबुली आहे की प्रत्यक्ष अटक आणि दाखवलेली अटक यांत अंतर असू शकतं. मुंबई उच्च न्यायालयाने १९९० मध्ये कस्टमच्या एका प्रकरणात याचं उत्तर दिलेलं आहे: माणसाच्या हिंडण्याफिरण्यावर बंधन आलं तिथे अटक सुरू झाली, अधिकाऱ्याने कागदावर कोणती वेळ टाकली यावर ते ठरत नाही. त्याला उठून घरी जाता येत होतं का, एवढाच प्रश्न. म्हणून मी फोन आल्याआल्या वेळ लिहून घेते आणि घरच्यांनाही लिहायला सांगते: किती वाजता आले, किती जण होते, गाडी कुठली, शेजारचं कोण बघत होतं. वहीच्या पानावर पेनाने लिहिलेली साडेपाचची वेळ पुढे कोर्टात उभी राहते.

चोवीस तासांची ही तरतूद संविधानात आहे, अनुच्छेद २२ मध्ये. ती तिथे कशी आली, हे दीक्षाभूमीच्या शहरात माहीत असायला हवं. संविधान सभेत आताच्या अनुच्छेद २१ मधून ‘योग्य न्यायप्रक्रिया’ या अर्थाची शब्दयोजना गाळून ‘कायद्याने प्रस्थापित कार्यपद्धती’ असे शब्द घातले गेले. म्हणजे विधिमंडळ उद्या कसलाही कायदा करून कुणालाही डांबू शकेल, अशी भीती अनेकांना वाटली. १५ सप्टेंबर १९४९ रोजी बाबासाहेबांनी एक नवा अनुच्छेद मांडला: अटकेचं कारण कळण्याचा हक्क, वकिलाचा हक्क, चोवीस तासांत दंडाधिकारी. आधी जे गाळलं गेलं त्याची ही भरपाई आहे, असं त्यांनी सभेला सांगितलं. त्याच अनुच्छेदाच्या उत्तरार्धात मात्र प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेला वाट ठेवलेली आहे आणि तिथे हे हक्क लागू होत नाहीत. आपल्याकडे ‘एमपीडीए लावला’ म्हणतात, म्हणजे गुंडांना स्थानबद्ध करणारा राज्याचा कायदा, तो त्या वाटेने येतो. खटला न चालवता माणसाला वर्षभर तुरुंगात ठेवता येतं; तपासणारं असतं ते सल्लागार मंडळ. तो वेगळ्या लेखाचा विषय आहे. पण एकाच अनुच्छेदात ढाल आणि तलवार शेजारीशेजारी ठेवलेल्या आहेत, हे विसरून चालत नाही.

कबुलीजबाबाचं काय? “साहेबांसमोर त्यानं कबूल केलं” अशी बातमी येते आणि लोकांच्या मनात खटला तिथेच संपतो. कोर्टात तो सुरूही झालेला नसतो. पोलिसांसमोर दिलेली कबुली पुरावा म्हणून चालत नाही, हा नियम इंग्रजांनी १८७२ च्या पुरावा कायद्यात घातला आणि आजच्या भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम २३ म्हणून तो तसाच आहे. कबुली द्यायची तर दंडाधिकाऱ्यासमोर, विचार करायला वेळ देऊन. एक अपवाद: आरोपीने सांगितलेल्या माहितीवरून एखादी वस्तू निघाली, समजा नाल्याकाठी पुरलेला चाकू, तर माहितीचा तेवढाच भाग पुराव्यात येतो. म्हणूनच पंचनामे होतात. संघटित गुन्हेगारीविरुद्धच्या मकोकासारख्या विशेष कायद्यात मात्र पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्यासमोरची कबुली चालते, शहरात म्हणजे उपायुक्तासमोरची. हा अपवाद मला कधीच पटलेला नाही.

या नियमावर बाबा काय म्हणायचे ते सांगते. कबुली चालत नाही म्हणून पोलिसाला पुरावा शोधावा लागतो. ज्याला मारून कबुली घ्यायची सवय लागली, तो ठसे उचलायला विसरतो. प्रयोगशाळेला नमुने वेळेत पाठवायला विसरतो. मग कोर्टात कबुली गळून पडते आणि मागे काहीच उरत नाही. खरा गुन्हेगार असला तरी सुटतो. खुनाचे असे खटले मी पाहिले आहेत. मेलेल्याच्या आईला हे समजावून सांगणं फार जड जातं. अंगठ्याचे ठसे, हस्ताक्षर, रक्त, आवाजाचा नमुना हे सगळं पोलीस कायद्याच्या वाटेने मिळवू शकतात. स्वतःविरुद्ध साक्ष द्यायला भाग पाडणं यात ते मोडत नाही, असं अकरा न्यायाधीशांच्या पीठाने १९६१ मध्येच ठशांबद्दल आणि हस्ताक्षराबद्दल ठरवलं. आवाजाच्या नमुन्याबद्दल २०१९ मध्ये तसाच निकाल आला. नार्को किंवा ब्रेन मॅपिंग मात्र माणसाच्या संमतीशिवाय करता येत नाही, हा २०१० चा निकाल. शरीरावरची खूण एका बाजूला, मनातलं बोलणं दुसऱ्या बाजूला. रेघ तिथे ओढलेली आहे.

मग मोबाईल कुठल्या बाजूला? तो खिशातली वस्तू आहे की मनातलं बोलणं? पासवर्ड सांगणं म्हणजे किल्ली देणं की साक्ष देणं? इथे न्यायालयांची मतं वेगवेगळी आली आहेत. कर्नाटक उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये झडतीच्या वॉरंटखाली फोन उघडायला लावण्याची मुभा दिली. दिल्लीतल्या एका विशेष न्यायालयाने २०२२ मध्ये पासवर्डची सक्ती नाकारली. नव्या संहितेत पुराव्यासाठी इलेक्ट्रॉनिक साधनं मागवण्याची तरतूद स्पष्ट शब्दांत आहे. माझं मत सरळ आहे. २०१७ मध्ये नऊ न्यायाधीशांनी खाजगीपणा हा मूलभूत हक्क ठरवल्यानंतर, आज घराच्या झडतीपेक्षा फोनच्या झडतीला जास्त कडक नियम हवेत. घरात कपाटं असतात, फोनमध्ये अख्खा माणूस असतो. रस्त्यावर थांबवून “फोन दाखव, व्हॉट्सॲप उघड” म्हणणाऱ्याला निदान कुठल्या गुन्ह्याच्या तपासात बघताय, एवढं विचारता आलं पाहिजे. आणि फोन जप्त झालाच तर पंचनाम्यात त्याचा आयएमईआय क्रमांक आणि कुठल्या अवस्थेत घेतला ते लिहून घ्या. झडती-जप्तीचं चित्रण आता कलम १०५ खाली बंधनकारक आहे. कॅमेऱ्याचा सगळ्यात मोठा फायदा मला पंचांच्या बाबतीत वाटतो. तेच ते ठरलेले पंच, कुणाकुणाच्या पंचनाम्यावर सह्या करणारे, आणि उलटतपासणीत “मी तिथं गेलोच नव्हतो” म्हणणारे. चित्रण खोटं बोलू देत नाही, ना आरोपीला ना अधिकाऱ्याला.

इथपर्यंत मी पोलिसांनी अधिकार जास्त वापरण्याबद्दल बोलले. न वापरण्याबद्दलही बोलायला हवं, आणि नागपुरात ते बोलताना कस्तुरबा नगर टाळता येत नाही. १३ ऑगस्ट २००४. इथल्याच जिल्हा न्यायालयात आणलेल्या एका कुख्यात गुंडाला वस्तीतल्या बायकांच्या जमावाने कोर्टाच्या आतच ठार मारलं. बलात्कार, खंडणी, मारहाण. वर्षानुवर्षं तक्रारी घेऊन गेलो तरी पोलिसांनी आमचं ऐकलं नाही, असं त्या वस्तीचं म्हणणं होतं. खटला चालला आणि २०१४ मध्ये आरोपी पुराव्याअभावी सुटले. मी त्या इमारतीत रोज जाते. कुणालाही असं मारणं मला मान्य नाही. त्या माणसालाही खटला मिळायला हवा होता. पण त्या बायकांनाही तपास मिळायला हवा होता, त्याच्या कितीतरी आधी. तक्रार नोंदवून न घेणं हे हक्कांचं उल्लंघन आहे, लाठीइतकंच.

दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की गुन्हा नोंदवलाच पाहिजे, हे २०१३ मध्ये ललिता कुमारीच्या निकालाने पक्कं झालं. आता हद्दीचं कारणही देता येत नाही. जरीपटक्याची घटना सक्करदऱ्यात सांगितली तरी ‘शून्य’ क्रमांकाने नोंद करून ती योग्य ठाण्याकडे पाठवायची. ऑनलाईन तक्रार दिली तर तीन दिवसांत जाऊन सही करायची. प्रथम खबरीची, म्हणजे एफआयआरची, प्रत फुकट मिळते. ठाण्याने नकार दिला तर शहरात उपायुक्त, ग्रामीण भागात पोलीस अधीक्षक यांच्याकडे लेखी, आणि तिथेही दाद लागली नाही तर दंडाधिकाऱ्याकडे अर्ज. नव्या कायद्यात तीन वर्षांपासून सात वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यांसाठी चौदा दिवसांच्या प्राथमिक चौकशीची सवलत पोलिसांना मिळाली आहे, उपअधीक्षकाच्या परवानगीने. तिचा उपयोग गुन्हा न नोंदवण्यासाठी होईल अशी मला धास्ती आहे. फिर्यादीसाठी चांगली गोष्ट अशी, की तपास कुठवर आला हे नव्वद दिवसांच्या आत पोलिसांनी तिला कळवायचं आहे.

आपल्याच विदर्भातली आणखी एक जागा: देसाईगंज, म्हणजे वडसा. १९७२ च्या मार्चमध्ये एका आदिवासी अनाथ मुलीला जबाबासाठी तिथल्या ठाण्यात आणलं होतं. ती पळवली गेल्याची तक्रार भावाने दिली होती, म्हणजे ठाणं तिच्या मदतीसाठीच उघडलेलं. रात्री बाकीच्यांना घरी जायला सांगून तिला मागे ठेवलं गेलं आणि तिथल्या पोलिसाने तिच्यावर बलात्कार केला, असा तो खटला. सत्र न्यायालयाने सोडलं, मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने शिक्षा दिली, सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडलं; अंगावर जखमा नाहीत, म्हणजे संमती असावी असा तर्क करून. नागपूर खंडपीठाने म्हटलं होतं की भीतीपोटी गप्प राहणं म्हणजे संमती नव्हे. १९७९ मध्ये कायद्याच्या चार प्राध्यापकांनी त्या निकालाविरुद्ध सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं, देशभर बायका रस्त्यावर आल्या, आणि १९८३ मध्ये कायदा बदलला: पोलिसांच्या ताब्यातल्या स्त्रीने संमती नव्हती असं सांगितलं तर न्यायालय तेच गृहीत धरेल. स्त्रीचा जबाब तिच्या घरी जाऊन घ्या, हे कलम कुणाला अडचणीचं वाटलं की मला वडशाच्या ठाण्याचं ते दार आठवतं.

आता पोलिसांच्या बाजूने एक तक्रार, आणि ती मी मनापासून करते. तपास करणारा फौजदार तपास करतो कधी? डिसेंबरात हिवाळी अधिवेशन असतं, तेव्हा मोर्चे येतात आणि तो बंदोबस्ताला. रामनवमीची शोभायात्रा, बंदोबस्त. मारबत, गणपती, दुर्गा, दीक्षाभूमीवरचा धम्मचक्र प्रवर्तन दिन, बंदोबस्त. त्याच्या टेबलावरच्या केस डायऱ्या तशाच पडून. इकडे घड्याळ चालू असतं: साठ दिवसांत, गंभीर गुन्ह्यांत नव्वद दिवसांत आरोपपत्र गेलं नाही तर आरोपीला जामिनाचा हक्क आपोआप मिळतो. माझ्या कितीतरी अशिलांना असा जामीन मिळाला आहे आणि मी तो हक्काने मागितला आहे. पण दर वेळी समोरच्या बाकावरचा तो थकलेला फौजदार बघून मला बाबांचे सुजलेले पाय आठवतात. तपास करणारे पोलीस आणि बंदोबस्त करणारे पोलीस वेगळे करा, असं सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये प्रकाश सिंह प्रकरणात सांगितलं. ते नीट झालं असतं तर निम्म्या तक्रारी जन्मालाच आल्या नसत्या, असं माझं ठाम मत आहे. दमलेला माणूस कागद लिहीत नाही; तो सोपा रस्ता धरतो, आणि सोपा रस्ता बहुतेक वेळा दंडुक्याचा असतो.

साखळीतला तिसरा माणूस, म्हणजे दंडाधिकारी, त्याच्याबद्दलही मला बोलायचं आहे. रिमांडच्या वेळी त्याने कारणं वाचायची, आरोपीला विचारायचं: मारहाण झाली का, वकील आहे का, घरी कळवलं का. वकील नसेल तर सरकारी खर्चाने मिळतो हे सांगणं त्याचं कर्तव्य आहे. हे २०१२ मध्ये कसाबच्या खटल्यात म्हटलेलं आहे. हा हक्क कसाबलाही आहे, तर आपल्या मोहल्ल्यातल्या मुलाला नक्कीच आहे. पण रिमांडची रांग लांब असते आणि प्रत्येकाच्या वाट्याला थोडीच मिनिटं येतात. त्या मिनिटांत आरोपीने मान खाली घालून “काही नाही साहेब” म्हटलं की संपलं. म्हणून घरच्यांना सांगते, त्या वेळी कोर्टात हजर राहा, त्याला तुमचा चेहरा दिसू द्या. जुन्या कायद्यात पोलीस कोठडी पहिल्या पंधरा दिवसांतच मिळायची. आता ते पंधरा दिवस पहिल्या चाळीस किंवा साठ दिवसांत तुकड्यातुकड्यांनी मागता येतात. तपासाला सोय झाली हे खरं, पण न्यायालयीन कोठडीत गेलेल्याला पुन्हा लॉकअपची टांगती तलवार आली, आणि जामिनाला विरोध करायला एक नवं कारण. हा बदल मला चुकीचा वाटतो.

ठाण्यातल्या कॅमेऱ्यांचं लक्षात ठेवा. सर्वोच्च न्यायालयाच्या २ डिसेंबर २०२० च्या आदेशाने प्रत्येक ठाण्याचं प्रवेशद्वार, लॉकअप, व्हरांडा, अधिकाऱ्यांच्या खोल्या सगळीकडे आवाजासह चित्रण हवं, आणि ते अठरा महिने टिकेल अशी साठवण हवी. काही घडलं असेल तर चित्रण जपून ठेवा म्हणून कोर्टात लगेच अर्ज करा, नंतर नाही.

त्या रात्री मी काकूंना घेऊन ठाण्यात गेले. काउंटरवर चार गोष्टी विचारल्या: गुन्हा क्रमांक काय, कलम कुठलं, तपास अधिकारी कोण, आणि याला आणल्याची नोंद स्टेशन डायरीत कुठे आहे. आवाज चढवला नाही. बाबा म्हणायचे, ठाण्यात ओरडणाऱ्याचं कुणी ऐकत नाही, लिहिणाऱ्याकडे सगळे बघतात. ठाणेदार बाहेर आले, पाच मिनिटं आत बोलले, आणि अकरा वीसला मुलगा बाहेर आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी नोटीस घरी आली, कलम ३५(३) ची, गुन्हा क्रमांकासह. मोटारसायकल मुलाच्या नावावर होती आणि आठवडाभरापूर्वी ती एका घरफोडीच्या जागेजवळच्या कॅमेऱ्यात दिसली होती. म्हणजे पोलिसांकडे त्याला विचारण्यासारखं खरोखर काहीतरी होतं. अकराला आम्ही गेलो. कुठल्या प्रश्नाला गप्प राहायचा हक्क आहे ते मी त्याला रस्त्यातच सांगून ठेवलं होतं, पण त्याला सांगायचंच होतं: गाडी मित्राने मागून नेली होती, त्याच्याशी झालेले मेसेजही फोनमध्ये होते. ते त्याने स्वतः उघडून दाखवले. मी काचेपलीकडे बसले होते, तो मला दिसत होता, मी त्याला. फौजदाराने दीड पान जबाब लिहिला, वाचून दाखवला, एक तारीख चुकली होती ती दुरुस्त केली.

बाहेर आल्यावर काकूंनी पदराच्या गाठीतून एक घडी केलेला कागद काढला आणि माझ्याकडे पेन मागितलं. किती वाजले म्हणून विचारलं. एक वाजून दहा मिनिटं झाली होती. त्यांनी लिहून घेतलं.